चिंबोरीपुढचं पान

पितृपंधरवडा लागला की आमच्या शाळेभोवतीच्या गच्च्यांवर कावळ्यांचा भाव वाढतो. एरवी ज्यांना हुसकावून लावतात त्यांच्यापुढे भलीभली माणसं हात जोडून उभी राहतात. पान मांडायचं, मागे सरायचं आणि वाट बघायची. कावळा शिवला तर गेलेला माणूस जेवला. नाही शिवला तर त्याचं काहीतरी राहिलंय, मग घरच्यांनी एकेक वचन देत सुटायचं. माझ्या चुलत सासऱ्यांच्या वेळी ‘धाकट्याचं लग्न करू’, ‘गावची जमीन विकणार नाही’ असं सगळं म्हणून झालं तरी कावळा कठड्यावरून हलेना. शेवटी वैतागून कुणीतरी म्हणालं, ‘तुमचा रेडिओ भंगारात घालणार नाही,’ आणि कावळा उतरला. मी विज्ञान शिकवते. पण तो रेडिओ अजून आमच्या फडताळात आहे आणि दिवाळीला मी तो पुसून ठेवते.

या दिवसांतलं भिवंडीचं ऊन मला आवडत नाही. पावसाळा धड गेलेला नसतो, धड राहिलेलाही नसतो. गोदामांच्या पत्र्यांवरून उसळून येणारा पांढरा उजेड, गल्लीगल्लीतून लूमचा खटखटाट, घामाला चिकटलेली सुताची धूळ, आणि दुपारी वारा फिरला की खाडीचा वास. त्या वासासरशी मला दरवर्षी एकच भाद्रपद आठवतो. मधे काही वर्षं गेली, मुलींच्या तुकड्या आल्या नि गेल्या. तरी टाक्यांवर वाकलेली असताना दुपारच्या वेळी मी मान वर करून दाराकडे बघते. कुणी पान घेऊन उभं तर नाही ना, हे बघते.

टाक्या म्हणजे प्रयोगशाळेतल्या. शाळेच्या वरच्या मजल्यावर, कोपऱ्यातली खोली. पूर्वी तिथे नुसत्या बरण्या होत्या. फॉर्मॅलिनमध्ये वर्षानुवर्षं ताटकळलेले बेडूक, दोन साप आणि एक वटवाघूळ, ज्याचे दात हसल्यासारखे दिसायचे. त्या मेलेल्यांच्या समोर आम्ही काचेच्या टाक्या मांडल्या आणि त्यांत आपल्या खाडीतले जिवंत जीव आणून ठेवले. बोईटं, कोळंबी, कालवं, निवट्या आणि चिंबोऱ्या, म्हणजे खाडीतले खेकडे. मी घाटावरची, भिवंडीत लग्न होऊन येईपर्यंत खेकडा मला फक्त रश्शात भेटलेला. त्यामुळे शिकवणारी मी असले तरी बरंचसं शिक्षण माझंच चाललं होतं.

मुलींनी त्या खोलीचं नाव ठेवलं ‘खाडी’. ‘बाई, जरा खाडीत जाऊन येते,’ म्हणून त्या वर्गातून पळायच्या आणि नवीन आलेले गणिताचे सर दचकायचे. मागांच्या गावातल्या पोरी, त्यामुळे कामाच्या पाळ्यांना आपोआप ‘शिफ्ट’ नाव पडलं. भरती शिफ्टवालीनं खायला घालायचं, ओहोटी शिफ्टवालीनं उष्टं-खरकटं काढून कॅनमधलं खाडीचं पाणी भरायचं. भाद्रपदात खाडीचं पाणी गोडसर होतं, तेव्हा त्यात मीठ मिसळावं लागे. खारटपणा मोजायचं मापक हातात असताना पोरी बोट बुडवून चव बघायच्या आणि मी ओरडायची. आताच्या मुलीही तेच करतात आणि मी अजून ओरडते.

मला पहिल्यांदा भीती वाटली ती निवट्यांची. निवटी म्हणजे मासाच, पण पाण्यात राहायचा कंटाळा असलेला. डोक्यावरचे दोन डोळे वर काढून ती चिखलावर बसते आणि माणसाकडे बघत राहते. मधेच एक डोळा आत ओढून घेते, पुन्हा बाहेर काढते. एका दुपारी मी एकटी वह्या तपासत होते आणि एकाएकी जाणवलं की खोलीत काहीतरी बदललंय. मान वर केली. सगळ्या निवट्या काचेवर चढून चिकटल्या होत्या. शेजारच्या टाकीत चिंबोऱ्या बिळांतून बाहेर येऊन एकाच बाजूच्या काचेला नांग्या टेकून उभ्या होत्या. टक. टक. टक. कुणीतरी नखानं दार वाजवावं तसा आवाज.

तेवढ्यात शिफ्टवर आलेली प्रणाली दारातूनच म्हणाली, “पानी लागलं बाई खारीला.”

खाडीला भरती आली, असं ती सांगत होती. खाडी आमच्या खिडकीतून दिसतसुद्धा नाही. मधे कारखाने, चाळी, गोदामं, पूल. टाकीतलं पाणी तर बोटभरही वर-खाली झालेलं नव्हतं. पुस्तकात याचं उत्तर आहे: या जीवांच्या अंगात भरती-ओहोटीचं घड्याळ असतं, खाडीपासून दूर नेलं तरी ते काही काळ चालतं, मग हळूहळू बंद पडतं. आमच्याकडचं बंद पडलं नाही. कदाचित आम्ही नीट पाहिलं नसेल. पण पुढे पुढे मी त्या वेळेला खोलीत एकटी थांबेनाशी झाले, हे मात्र खरं.

प्रणाली तेव्हा नववीत होती. खारबावच्या अलीकडे, खाडीला लागून तिचं गाव. शेती आणि खाडी यांवर जगणारी माणसं. आता निम्म्यांच्या जमिनींवर गोदामं उभी आहेत. तिचे वडील दिवसा काल्हेरला गोदामात माल चढवायचे आणि उधाणाच्या दिवसांत कामावरून आले की खांद्यावर जाळं टाकून मासे धरायला खाडीत उतरायचे. आदल्या वर्षी एका अमावास्येच्या उधाणात ते उतरले आणि परत आले नाहीत. जाळं तिवरांच्या मुळांना गुंतलेलं सापडलं. माणूस सापडला नाही.

सापडला नाही म्हणजे गेला, असं गाव म्हणालं. सापडला नाही म्हणजे आहे, असं प्रणाली म्हणाली. कुणीतरी सांगितलं होतं की त्याच्यासारखा एकजण डहाणूच्या पलीकडे बोटीवर दिसला. तेवढ्यावर पोरीनं घर बांधलं. आईनं यातलं काहीच म्हटलं नाही. गेलेल्या माणसाचं जे जे करतात त्यातलं काही तिनं केलं नाही, कपाळाचं कुंकू तसंच ठेवलं, फक्त चिंबोरी खायची सोडली. खाडीत राहिलेल्या माणसाचं काय होतं, हे खाडीकाठच्या बाईला कुणी समजावून सांगावं लागत नाही.

आणि आमच्या टाकीतला सगळ्यात मोठा चिंबोरा प्रणालीनंच आणलेला. त्याच काठावरून, त्याच तिवरांखालून, दोरीनं नांग्या बांधून, एसटीत मांडीवर पिशवी घेऊन. काळपट हिरवी पाठ, एक नांगी दुसरीपेक्षा थोराड. मुली बाकीच्या सगळ्या प्राण्यांना नावं द्यायच्या, निवट्यांत तर अर्ध्या शिक्षकांची नावं होती. याला मात्र कुणी नाव दिलं नाही. त्याची टाकी वेगळी होती, अर्ध्यात चिखलाचा उतार आणि अर्ध्यात पाणी, कडेला लपायला एक तुटका पाइप. तो पाइपात बसायचा आणि देठांवरचे डोळे तेवढे बाहेर ठेवायचा. पुढे वर्षभरात, त्या भाद्रपदाच्या आधीच, तो काठ बुजला. भराव पडला, तिवरं गेली, उंच भिंत आली. म्हणजे त्या काठावरचं जिवंत असं एवढंच उरलं होतं आणि ते शाळेच्या वरच्या मजल्यावर होतं. हे मनात आलं की मी त्या टाकीची काच पुसताना हात जरा लवकर उरकायची.

त्या भाद्रपदात, पंधरवडा संपत आला असताना प्रणालीची आई शाळेत आली. चपला दाराबाहेर काढून आत आली, बरण्यांकडे बघितलंच नाही, नेमकी त्या टाकीसमोर जाऊन उभी राहिली.

“बाई, हा आमचे काठावरचा ना?”

“हो. प्रणालीनंच आणलाय.”

“अमावशेला याचेपुरं पान ठेवाचा हाय मना.”

खेकड्यापुढे पितरांचं पान! मी काही बोलायच्या आत तीच पुढे बोलली. आवाज अगदी साधा, बाजारात काय आणायचं ते सांगावं तसा.

“सपनान येतो. ओट्यावर उभा रातो. अंगातून पानी गलते. आत ये बोलते मी, तर येत न्हाय. उपाशी हाय तो.”

“मग पान गच्चीवर ठेवा ना,” मी म्हणाले, “कावळ्याला.”

ती माझ्याकडे बघून हसली. लहान पोरानं काही विचारलं की आपण हसतो तसं.

“कावल्यांकरं जाललेली मानसं जातात, बाई. याला कुनी जालला? हा यांच्याकरं गेला.”

तिचा हिशेब सरळ होता: जाळलेली माणसं कावळ्यांकडे, खाडीत राहिलेला खेकड्यांकडे. पाइपातले दोन डोळे जरासे वळले. विज्ञानाच्या बाईनं ‘नाही’ म्हणायला हवं होतं, असं तुम्ही म्हणाल. फडताळात रेडिओ ठेवून मी कुठल्या तोंडानं नाही म्हणणार? मुख्याध्यापकांना मी सांगितलं, आहाराचं निरीक्षण करायचंय. ते खोटंही नव्हतं.

त्याच आठवड्यात चिंबोरा खाईनासा झाला. टाकलेली कोळंबी तशीच चिखलावर पडून वास मारायची. मला वाटलं, कात टाकणार असेल. कवच बदलायच्या आधी खेकडे खाणं सोडतात. मनात म्हटलं, कठीण आहे, अमावास्येला हा पानाकडे ढुंकूनही बघणार नाही आणि ती माउली त्याचा काय अर्थ लावेल देव जाणे. मग अफरीन आली. अफरीन म्हणजे प्रणालीची शिफ्टमधली जोडीदारीण, तिचे अब्बा लूमवर. ती दाराशी घुटमळत राहिली.

“मॅडम, एक बात बोलू? प्रणालीला नका सांगू मी बोलली.”

“बोल.”

“तो बीमार-बिमार नाहीये. प्रणाली त्याला सकाळी पण खिलवते, मधल्या सुट्टीत पण खिलवते. घरून मांदेली आणते पिशवीत. मी बोलली, अगं मरेल तो, तर रडायला लागली.”

प्रणालीला मी रागावले नाही. मधल्या सुट्टीत ती टाकीशी होती, हाताला मासळीचा वास येत होता. तिनं लपवलं नाही. उलट मलाच विचारलं, “पोट फुटंस्तवर भरलेलं असलं तर न्हाय खानार ना, बाई?”

“बहुतेक नाही खाणार.”

“मंग झालं तर. न्हाय शिवला म्हंजे तो तिकरं न्हाय. आईला कलंल. मंग ती वाट बघंल माझ्यासंगं.”

मी तिच्या डोक्यावर हात ठेवला. आईला नवऱ्याचा घास पोचवायचा होता आणि मुलीला बाप जिवंत ठेवायचा होता. दोघींचं चुकत कुठे होतं? एकच माणूस दोघींनी दोन टोकांनी धरला होता. आणि हे सगळं येऊन बसलं होतं एका खेकड्याच्या पोटावर. मला तिची कीव आली आणि तितकीच भीतीही वाटली. रात्री ज्याला आई ओट्यावर पाहते त्यालाच ही दिवसा मांदेली भरवतेय असं मला वाटून गेलं.

सर्वपित्री अमावास्या उजाडली. अमावास्येची भरती ऐन दुपारची. प्रणालीची आई धुवट साडी नेसून, डबा आणि केळीचं पान घेऊन आली. भात, वरण, वडे, खीर, भोपळ्याची भाजी. शेवटी पदराखालून बेकरीची एक खारी काढली आणि पानाच्या कडेला ठेवली. “चहासंगं लागायची त्याला,” म्हणाली. पान टाकीतल्या चिखलाच्या उतारावर मांडलं. आम्ही चौघी मागे सरलो: ती, प्रणाली, अफरीन आणि मी. बाहेर माग खटखटत होते. गच्च्यांवरून ‘काव काव’ अशा हाका येत होत्या, त्या माणसांच्या.

चिंबोरा पाइपात होता. पानाच्या अलीकडे सकाळची मांदेली तशीच पडलेली. प्रणालीची नजर त्या मांदेलीवर होती.

आई बोलायला लागली. “पोरीला शिकवीन. जवर शिकल तवर शिकवीन.” डोळे हलले नाहीत. “तुझे भावाशी धरलेलं भांडान सोरते.” काही नाही. “तुझा जाला कुनाला देनार न्हाय, खुंटीवरच ठेवीन.” चिखलातून एक बुडबुडा वर आला आणि फुटला, तेवढंच.

तेवढ्यात लाइट गेली.

भिवंडीत लाइट जाते म्हणजे काय, हे बाहेरच्या माणसाला सांगून कळणार नाही. उजेडाचं काही नाही, दुपारच होती. पण सगळे माग एकदम थांबतात. जन्मापासून कानात असलेला आवाज निघून जातो आणि गाव कुणी उचलून नेल्यासारखं होतं. टाक्यांचे हवेचे पंपही थांबले. त्या शांततेत आधी निवट्या काचेवर चढल्याचा चटचट आवाज आला. मग टक. टक. बाकीच्या चिंबोऱ्या खाडीच्या बाजूच्या काचेशी जमल्या होत्या. तिकडे दूर भिंतीपलीकडे पाणी चढत असणार. अफरीननं माझा हात घट्ट धरला आणि ती ओठांतल्या ओठांत काहीतरी पुटपुटायला लागली. पाइपातला मात्र हलला नाही.

आईनं मागे वळून न बघता लेकीला म्हटलं, “तू धरून ठेवलास त्याला. आता तू बोल.”

मांदेलीचं तिला कुणी सांगितलं नव्हतं. मी सांगितलं नव्हतं, अफरीननं तर नाहीच.

“तो यील, आये,” प्रणाली म्हणाली.

“कवा?”

प्रणालीनं पुन्हा मांदेलीकडे बघितलं.

“भिजलेला उभा हाय ग तो. आजून किती दिस उभा ठेवशील?”

पोरीचा चेहरा मी बघितला आणि मला बघवेना. मग ती पुढे झाली, काचेला कपाळ टेकवलं आणि अगदी हळू, घरातल्या मोठ्या माणसाला ताटावर बोलवावं तसं म्हणाली, “पप्पा, जेवा.”

चिंबोरा पाइपाबाहेर आला. आडवा नाही, सरळ आला. सावकाश चालताना खेकडे सरळही चालतात, हे मला माहीत आहे. मांदेलीवरून पाय टाकत तो पुढे गेला, त्या मासळीपाशी थांबलासुद्धा नाही. पानाशी येऊन त्यानं थोराड नांगी भातात घातली, घास उचलला आणि तोंडाशी नेला. पोट तुडुंब भरलेला तो जीव भात खात होता. चिमटीनं, थोडा थोडा, मान खाली घालून जेवणाऱ्या माणसाइतका निवांत. आम्ही सगळ्या बघत होतो आणि काचेवरच्या निवट्याही बघत होत्या. शेवटी त्यानं खारीचा तुकडा मोडून घेतला आणि तो घेऊन पाण्यात उतरला. पाणी जरा गढुळलं, मग त्यातून डोळे तेवढे वर राहिले, आमच्याकडे लावलेले.

लाइट आली. माग पुन्हा धडधडायला लागले, पंप बुडबुडायला लागले. खेकडे मिळेल ते खातात, पोट भरलेलं असलं तरी उचलून नेतात, असं मी नंतर किती तरी वेळा स्वतःला सांगितलं. ते बरोबरच आहे.

आईनं हात जोडले. रडली नाही. डबा झाकला, पदर सारखा केला, पायांत चपला सरकवल्या. जिन्याच्या वरच्या पायरीवर थांबून लेकीची वाट बघितली. प्रणाली अजून काचेशी होती, तिला अफरीननं हाताला धरून आणलं. उतरता उतरता आई तिला म्हणाली, “आता रातची दाराला कडी लावू.”

तो गेला त्या दिवसापासून त्यांच्या दाराला रात्री कडी लागलेली नव्हती, हे मला तेव्हा कळलं.

दोन पायऱ्या खाली गेल्यावर प्रणाली थांबली. आईच्या पदराचं टोक तिनं मुठीत धरलं होतं.

“आज नको, आये,” ती म्हणाली. “उद्यापासून.”